उजळीचा चीक

आई,

परवा मी पालकाच्या पानातून निघालेला उजेड बघितला. तेव्हापासून तुझ्याशी बोलायचं मनात घोळतंय, म्हणून आज लिहायला बसले. तू जाऊन सव्वीस वर्षं झाली. मी आता बेळगावात असते, कॅम्पातल्या एका शाळेत मराठी शिकवते. वर्गात पुस्तकी बोलते, पण घाईत अजून तोंडातून "मी येतो" निघून जातं आणि बाहेरून बदली होऊन आलेल्या फौजींच्या मुली खुदुखुदू हसतात. हसू देत. आपल्याकडच्या साऱ्या बायका "मी येतो, मी जातो" असंच म्हणत आल्या. तूही तसंच म्हणायचीस.

आमच्याकडे विज्ञान शिकवणारी एक तरुण बाई आहे, माझ्या लेकीच्या वयाची. मधल्या सुट्टीत तिनं हाक मारली, "बाई, दोन मिनिटं प्रयोगशाळेत या, गंमत दाखवते." खिडक्यांना काळा कागद लावलेला, आणि सातवीच्या मुली टेबलाभोवती दाटीनं उभ्या. तिनं पालक कुटून स्पिरिटमध्ये भिजवला होता आणि गाळून एका काचेच्या नळीत भरला होता. नुसतं हिरवं पाणी. मग दुकानदार नोटा तपासतात तसली जांभळी बॅटरी तिनं त्यावर धरली. ते हिरवं पाणी तांबडं झालं. आई, त्याला रंग चढला असं म्हणता येणार नाही. ते आतून पेटलं. निखाऱ्यावर फुंकर घातल्यावर जसा जीव येतो तसा त्या नळीत जीव आला, आणि मुलींच्या हनुवट्यांवर तांबूस झाक हलायला लागली. मुली ओरडल्या. मी स्टुलावर बसले.

बाईंनी समजावून सांगितलं. पान उन्हातून उजेड घेतं आणि त्याची साखर करतं. पण पान कुटलं की ते साखर करायचं यंत्र मोडतं, आणि घेतलेला उजेड कुठं ठेवायचा हे त्या हिरव्या द्रव्याला कळत नाही. मग ते तो परत टाकून देतं, तांबडा करून. मी विचारलं, "तंबाखूच्या पानात पण असतं का हे?" ती म्हणाली, "असणारच की. हिरवं पान म्हटलं की त्यात हे आलंच." एवढं बोलून ती मुलींकडे वळली. मी मात्र तिथंच बसून राहिले, कारण माझ्या कानात तुझा आवाज आला होता, तुझा धड असतानाचा आवाज. "तांबडाच उजेड. पांढरा न्हवं." त्यावरून तू अख्ख्या वखारीशी भांडली होतीस.

निपाणीतली ती तंबाखूची वखार आता नाही, तिथं कसलं तरी मंगल कार्यालय झालंय. पण डोळे मिटले की मला ती लांबलचक पत्र्याची शेड दिसते. वारा शिरला तर बारीक तंबाखू उडून जाते म्हणून खिडक्या कायम बंद. भिंतीत उंचावर एक झरोका, तेवढाच काय तो उजेड, आणि त्या उजेडाच्या पट्ट्यात धूळ अशी तरंगतेय की हातानं धरता येईल. दोन रांगांत बायका बसल्यात, पाल्यातली काडी वेचतायत, चाळतायत. सगळ्यांच्या नाकातोंडावर पदर. कुणी शिंकतंय, कुणाला ठसका लागलाय. बारावीला मी इंग्रजीत नापास झाले, आणि दुसऱ्या दिवशी सकाळी तू मला बरोबर घेऊन तिथं कामाला गेलीस. वडील तर मी कळती व्हायच्या आधीच गेलेले, त्यामुळे घरी बसून रडायची चैन आपल्याला नव्हती. मी तुझ्या शेजारी बसून काडी वेचायला लागले. पहिला आठवडा तर मला फक्त मळमळ आठवते.

गोष्ट सुरू झाली ती अशीच, एका दुपारी. समोरच्या रांगेतली एक बाई वैतागून म्हणाली, "आक्का, ह्या अंधारात डोळं जायची येळ आली बघ." तुला सगळ्या वखारीत आक्काच म्हणायचे. तू चाळणी न थांबवता म्हणालीस, "एका मुलखात तर सूर्यच न्हवता. तितली माणसं कशी जगली आसतील?" "कशी गं?" "सांगतो की." आणि तू सांगायला लागलीस. त्या दिवशी सुटायच्या वेळेपर्यंत सांगितलंस, दुसऱ्या दिवशी पुढचं, आणि मग तीन वर्षं.

सात डोंगर एकमेकांवर कललेत, त्यांच्या पोटात तो मुलूख. वर आभाळ नाही, दगड. ऊन कुणी बघितलेलं नाही, त्यामुळं कुणाला त्याची आठवणही नाही. पण दगडाच्या भिंतींवरून एक वेल गेलाय, त्याचं नाव उजळी. पान खुडलं की देठातून चीक येतो आणि त्या चिकाचा उजेड पडतो. तांबडा. "उजेड तांबडा कसा गं, आक्का?" बायकांनी तुला छेडलं, "दिव्याचा पिवळा आसतोय, चांदण्याचा पांढरा." तू म्हणालीस, "पाटंचं तांबडं फुटतंय तवा काय पांढरं दिसतंय? मी सांगतो तो तांबडाच उजेड. पांढरा न्हवं." तो चीक डबीत भरून झाकण लावलं की काळा पडायचा. हातावर घेतला आणि दुसऱ्याच्या हाताला लावला, तर दोघांचे हात उजळायचे. त्यामुळं त्या मुलखात कुणाला उजेड साठवून ठेवता यायचा नाही, ज्याला बघायचंय त्यानं दुसऱ्या कुणाला तरी गाठायचं.

आणि मग तू तो मुलूख भरत गेलीस. लग्नात नवरा-नवरी एकमेकांच्या कपाळाला चीक लावतात, तेव्हा पहिल्यांदा एकमेकांचं तोंड बघतात. मूल झालं की सुईण तळहाताला चीक लावते आणि बाळाला त्या उजेडात धरते, बाळ रडायचं थांबून हाताकडे बघायला लागलं की नाव ठेवतात. माणूस मेलं की त्याच्या तळव्यांवर शेवटचा थेंब लावायचा, घरातली माणसं त्याच्याबद्दल बोलत असेतो तो विझत नाही. दिवस-रात्र नाहीतच, वेलाची पानं मिटली की झोपायचं, उलगडली की उठायचं. तिथं भांडणं कशी होतात, पाहुणा आला तर काय करतात, चोरी कशाची होते, सगळं तुला माहीत होतं. कुणी काही विचारलं तर तू विचार करत बसायची नाहीस, कालच तिथून आल्यासारखी सांगायचीस. तू दुसरीपर्यंत शिकलेली. तोवर कोल्हापूरच्या पलीकडं कधी गेली नव्हतीस. आज माझ्या कपाटात पुस्तकं मावत नाहीत, आणि तरी एवढं मोठं काही माझ्या डोक्यातून कधी निघालेलं नाही. तेव्हा मला ते नवल वाटत नव्हतं. आई गोष्ट सांगते, यात काय. आता वाटतं, आणि इतकं वाटतं की कधी कधी लिहिता लिहिता हात थांबतो.

त्या वयात मला माझी बारावीपर्यंतची अक्कल दाखवायची हौस होती. एकदा भर गोष्टीत मी म्हणाले, "आई, ऊनच नसंल तर झाडं उगवतील कशी? पुस्तकात दिलंय, उन्हाबिगर पान हिरवं होत न्हाय." बायका माझ्याकडे बघायला लागल्या, मग तुझ्याकडे. त्या दिवशी पुढं काही सांगितलं नाहीस, नुसता चाळण्यांचा आवाज. संध्याकाळी तू चुलीपुढं भाकरी थापत होतीस, मी पाणी भरून आले, तेव्हा माझ्याकडे न बघता म्हणालीस, "तुला ठावं हाय म्हणून बोललीस. चुकीचं बोललीस असं न्हाय. पण समद्यांच्या म्होरं मुलूख मोडलास बघ. बांधायला किती दिस लागलं तुला ठावं हाय?" भाकरी तव्यावर टाकलीस. "इचारायचं आसंल तर घरात इचार. तितं नगं." एवढंच. तू कधी मारलं नाहीस, पण त्या बोलण्यानं मला रात्री जेवण गेलं नाही. दुसऱ्या दिवशी वखारीत बसल्या बसल्या तू सुरू केलंस, "काल पोरीनं चांगलं इचारलं. उन्हाबिगर झाड कसं ऱ्हातंय? तर ऐका, ऊन न्हाय म्हणून तर त्या उजळीला आपला उजेड आपण करायला लागतोय. पण कशातनं करती, ते कुणालाच ठावं न्हाय. मुळाशी जाऊन बघितल्याबिगर कळायचं न्हाय." आणि गोष्टीत ती पोरगी आली. तोवर ती नव्हती. उजळी मंद व्हायला लागली, कोवळी पानं खुडली तरी चीक फिका यायला लागला, आणि एका घरची एक पोरगी वेल धरून खाली निघाली, मूळ शोधायला. माझ्या आगाऊपणातून तू तिला काढलंस.

दिवाणजींचं तुला आठवतंय? नवीन आले होते, वखारीच्या मालकाचे कुणी लांबचे. आल्या आल्या त्यांनी फर्मान काढलं, कामात तोंडं बंद. तीन दिवस गोष्ट बंद राहिली. पहिल्या दिवशी बायका चिडल्या, दुसऱ्या दिवशी पेंगल्या, तिसऱ्या दिवशी एकमेकींशी भांडल्या. चौथ्या दिवशी दिवाणजी दारात येऊन उभे राहिले, जरा खाकरले आणि इकडं तिकडं बघत म्हणाले, "ती पोरगी त्या पुलावरनं पलीकडं गेली का न्हाय?" पडद्याआड वजन करत बसायचे तेव्हा सगळं ऐकत होते. वखार इतकी हसली की धुळीनं सगळ्यांना ठसका लागला. तू मात्र हसली नाहीस. गंभीरपणे म्हणालीस, "गेली, पर पूल मागं पडला. बसा, सांगतो." आणि ते पोत्यावर टेकले.

माझ्या दुसऱ्या बाजूला बोरगावची मावशी बसायची. रोज बसनं यायची. तिची भाषा कन्नड, मराठी कळायची ती कामापुरती, गोष्टीतलं निम्मं निसटायचं. म्हणून तू बोलत असताना मी तिच्या कानाशी हळू आवाजात कन्नडमध्ये सांगायचे. विधवा बाई, भावाकडं राहायची, दिवसभरात चार वाक्यं बोलली तर खूप. पण एकदा सुटायच्या वेळी तिनं मला थांबवून विचारलं, मूळ जवळ आलं की पाण्याचा आवाज येत असेल ना? मी ते तुला सांगितलं. दुसऱ्या दिवशी गोष्टीत पाणी वाजलं. लांबून, दगडाच्या आतून. मावशीनं हातातला पाला खाली ठेवला आणि दोन्ही हात मांडीवर धरून बसली, एखादी बाई माहेरून निरोप आल्यावर बसते तशी. त्या दिवसापासून ती गोष्ट तिचीही झाली.

पुढच्या उन्हाळ्यात मावशीचं येणं थांबलं. छाती भरली, डॉक्टरांनी वखारीत जाणं बंद करायला सांगितलं. तू दर सुट्टीच्या दिवशी मला घेऊन बोरगावला जायला लागलीस. आठवड्याभरात वखारीत जेवढी गोष्ट झाली तेवढी तू तिच्या खाटेशी बसून परत सांगायचीस आणि मी कन्नडमध्ये. तिची भावजय तांदूळ निवडत उंबऱ्यात बसायची. भांडी घासायची राहिली तरी उठायची नाही. आठवड्यातला एकच दिवस मोकळा, घरी धुणं पडलेलं असायचं, पण तू एकही खेप चुकवली नाहीस. मी एकदा कुरकुरले तर म्हणालीस, "तिला तितंच सोडून आपण फुडं जायचं व्हय?"

मग तुझा घसा बसला. आधी आपण हसण्यावारी नेलं, आक्काची गोष्ट लांबली म्हणून आवाज बसला. काढे झाले, गुळण्या झाल्या. आवाज घोगरा झाला, मग फुटका, मग वाऱ्यासारखा. वखारीत बायका चाळण्या हळू हलवायला लागल्या, तू बोललेलं ऐकू यावं म्हणून. बेळगावच्या दवाखान्यात डॉक्टरांनी मला बाहेर बोलावून सांगितलं की स्वरयंत्र काढावं लागेल, नाहीतर जीव जाईल. मी आत येऊन तुला सांगितलं तेव्हा तू खिडकीतून बाहेर बघत होतीस. दुसऱ्या दिवशी सकाळी तुला आत न्यायला आले, तेव्हा तू माझं मनगट धरलंस आणि त्या उरल्यासुरल्या आवाजात म्हणालीस, "पोरगी मुळाशी पोचलीया. फुडचं मला ठावं हाय." तुझ्या आवाजातलं मी ऐकलेलं हे शेवटचं वाक्य. मला वाटलं होतं तू माझ्याबद्दल काही म्हणशील, घराबद्दल, लग्नाबद्दल. तेव्हा थोडं वाईटही वाटलं होतं, खोटं कशाला सांगू. आज वाटतं, त्याहून मोठं तुझ्याजवळ काही नव्हतं आणि ते तू माझ्या हातात दिलंस.

घरी आल्यावर गळ्याशी पांढरं फडकं आणि हातात पाटी. दुसरीनंतर तू पाटी धरली नव्हतीस, अक्षरं वाकडी यायची, म्हणून जास्त करून चित्रंच काढायचीस. मीठ संपलं तर बरणी, शेजारीण येऊन गेली तर तिचं मोठं नाक. एके दिवशी दुपारी मावशीची भावजय आपल्या दारात आली. म्हणाली, मावशी जेवत नाहीत, औषध घेत नाहीत, रोज विचारतात, पोरीचं काय झालं. तू तिला चहा दिलास, बसवलंस. ती गेल्यावर स्वयंपाकघरात पाटावर बसलीस, पाटी ओल्या फडक्यानं पुसलीस आणि काढायला लागलीस.

डोंगर काढलेस. खाली खाली जाणारी एक रेघ. तळाशी माणसाच्या मांडीएवढं जाड मूळ, ते तू पेन्सिल आडवी धरून घासून भरलंस, आणि मग बोटानं पुसून काळं केलंस. म्हणजे मुळाला उजेड नव्हता. मी विचारलं, "मग उजेड येतो कुठनं?" तू पोरगी काढलीस, तिचा तळवा मुळावर, आणि तळव्याभोवती बारीक बारीक रेघा. जिथं हात लागला तिथंच उजळलं होतं. तू माझा हात घेऊन आपल्या हातावर ठेवलास, मग वरच्या घरांकडं बोट केलंस, मग परत खाली. मला हळूहळू कळलं. वेलात आपला उजेड नव्हताच. पिढ्यान्‌पिढ्या माणसं एकमेकांच्या हाताला चीक लावत आली, तो हातांचा उजेड वेलातून मुळापर्यंत उतरत होता आणि मूळ तो परत वर पाठवत होतं. एकदा चीक जरा फिका आला म्हणून लोक घाबरले, काळा पडतो हे ठाऊक असूनही डब्यांत भरून ठेवायला लागले, आणि हात थांबले. म्हणून मूळ काळं पडलं. मी विचारलं, "मग ती वर जाऊन समद्यास्नी सांगती?" तू मान हलवलीस, नाही. तिच्या तळव्याभोवतीच्या रेघा बोटानं झाकून दाखवलंस, तिनं हात काढला की मूळ विझतंय. चित्राखाली तू एकच शब्द लिहिलास, "ऱ्हाती". मी म्हणाले, "परत येत न्हाय?" तू माझ्याकडे बघितलंस, मग वरच्या एका घरात एक बाई काढलीस, आणि तिच्या दोन्ही तळव्यांवर बारीक रेघा. ती पोरीची आई असणार. बस. मग फडकं घेऊन पाटी पुसलीस आणि कांदा चिरायला लागलीस. ते चित्र जगात फक्त मी बघितलंय.

मी एकटी बोरगावला गेले. मावशी खाटेवर एवढीशी झाली होती. मला बघून तिनं भावजयीला उशी वर करायला सांगितली. मी सुरू केलं, पाण्याचा आवाज, काळं मूळ, हात लावल्याबरोबर उजळलं. आणि पुढं माझं धैर्य झालं नाही. अशा बाईला मी कसं सांगू की पोरगी खालीच राहते? मी सांगितलं, मूळ उजळलं, सगळा डोंगर तांबडा झाला, पोरगी धावत वर आली, दारात आई उभी होती. भावजय डोळे पुसायला लागली. मावशी शांतपणे म्हणाली, "निम्मव्व हिंग हेळिल्ल." म्हणजे, तुझ्या आईनं असं सांगितलेलं नाही. मला मान वर करता येईना. ती म्हणाली, "खरे हेळ." खरं सांग.

मग मी खरं सांगितलं. पाटीवर होतं तसं, सावकाश, मध्ये काही न घालता. ती डोळे मिटून ऐकत होती. पोरगी राहते म्हणाले, तेव्हा तिच्या चेहऱ्यावर काही मोडलं नाही. उलट तिनं गोधडीतून दोन्ही हात बाहेर काढले आणि तळवे वर करून ठेवले. झरोक्याच्या पट्ट्यातल्या धुळीत बसलेल्या, चाळणीनं हातांची सालं गेलेल्या त्या बाईला मी तीन वर्षं बघत होते, पण एवढं मोठं माणूस माझ्या शेजारी बसायचं हे मला त्या दिवशी दिसलं. आणि हे सगळं तू केलं होतंस, आवाज नसताना, पाटीच्या पेन्सिलीनं. मग तिनं डोळे उघडून एकच विचारलं. मी उत्तर दिलं. ती "हं" म्हणाली आणि भावजयीकडं आंबील मागितली. दोन घोट प्याली. आठवड्यानं ती गेली.

शेवट सांगून मी परत आले त्या दिवशी तू स्टँडवर येऊन उभी होतीस, गळ्याचं फडकं धरून. पाटी घरी राहिली होती. हातानं विचारलंस, सांगितलंस? मी मान डोलावली. मग दोन्ही तळवे पुढं करून, जशी हाय तशी? मी परत मान डोलावली. तू समाधानानं चालायला लागलीस. नंतर वखारीतल्या बायकांनाही मीच शेवट सांगितला. त्या दिवशी दोन्ही रांगांतल्या चाळण्या थांबल्या होत्या, आणि दिवाणजी दारात उभे होते, त्यांनीही कुणाला हटकलं नाही. घरी येऊन मी तुला हे सांगितलं तेव्हा तू पाटीवर लिहिलंस, "शिकव". मी विचारलं काय शिकवू, तर तू माझं इंग्रजीचं जुनं पुस्तक आणून पुढ्यात ठेवलंस. परत बारावी दिली, टीसीएचला, शिक्षिका व्हायच्या कोर्सला, नंबर लागला. पहिलं वर्ष संपायच्या आधी तू गेलीस. तुझ्या तळव्यांना मी हात लावून बसले होते, लोक काय म्हणतील याची पर्वा न करता, आणि वखारीतल्या बायका तुझ्याबद्दल बोलत होत्या, थांबतच नव्हत्या.

हे पत्र कुठं टाकणार नाही. टाकायला जागाच नाही, वहीत राहील. पण स्टँडवर मी मान डोलावली ती पुरती खरी नव्हती, तेवढं तुला सांगायचं होतं. पोरीला मी आधी घरी आणलं होतं, ते मावशीनं पकडलं. ते एक. आणि दुसरं, तिनं डोळे उघडून जे विचारलं ते मी तुला कधी सांगितलं नाही. तिनं विचारलं होतं, "अल्लि थंडी ऐतेनु?" तिथं खाली थंडी असते का? पाटीवर तसलं काहीच नव्हतं. मी म्हणाले, "इल्ल मावशी, बेच्चग ऐती." नाही मावशी, ऊब असते. ते माझ्या मनाचं होतं. त्यानंतर तू वर्षभर माझ्यासमोर होतीस, हाताशी पाटी होती. मला कधीही विचारता आलं असतं. मी विचारलं नाही, कारण तू "थंडी" असं लिहिशील, याची मला भीती वाटत होती.